नवं-जुनं

मार्च उजाडला की आमच्या गावात पारावर एकच विषय असतो, नवं-जुनं झालं का? शहरातल्या मित्रांसाठी सांगतो. खरिपाचं पीककर्ज ३१ मार्चच्या आत पूर्ण भरायचं, मग बँक खातं नवं करते आणि पुन्हा उचल देते. वेळेत भरलं तर तीन लाखांपर्यंत व्याज शून्य. काही सवलत केंद्राची, उरलेलं राज्य पंजाबराव देशमुख योजनेतून भरतं. कागदावर झकास.

आता आमच्या अण्णांचं ऐका. तुरीचे पैसे कृषी केंद्राच्या उधारीत गेलेले. मग गावातल्याच एकाकडून महिन्याला शेकडा तीन रुपयांनी दीड लाख आणले आणि बँकेत भरले. आठ दिवसांत परत द्यायचे होते. पण साहेबांची बदली झाली, नवे साहेब यायला वेळ लागला, मग सर्च रिपोर्ट, म्हणजे जमिनीवर दुसरा बोजा नाही ना याचा वकिलाचा दाखला, पुन्हा मागितला. पाच आठवडे गेले. सावकार दिवस मोजत नाही, महिने मोजतो. दोन महिन्यांचे नऊ हजार गेले, शून्य टक्क्याच्या कर्जापायी!

मी राष्ट्रीयीकृत बँकांच्या विरोधात नाही, उलट कट्टर बाजूचा आहे. १९५१-५२ च्या ग्रामीण पतपाहणीत शेतकऱ्यांच्या एकूण कर्जात व्यापारी बँकांचा वाटा एक टक्कासुद्धा नव्हता. १९ जुलै १९६९ ला १४ बँका सरकारने घेतल्या, धनंजयराव गाडगीळांच्या अभ्यासगटाच्या विचारातून जिल्ह्याजिल्ह्याला अग्रणी बँक (जिल्ह्यातल्या कर्जवाटपात पुढाकार घेणारी) आली, आणि शाखा आमच्यासारख्या आडगावापर्यंत पोचल्या. आमच्या विहिरीवरची पहिली मोटार बँकेच्या कर्जाची. तेव्हाचे शेती अधिकारी फटफटीवर येऊन विहिरीत डोकावून पाणी बघून गेले होते, हे आजी अजून सांगते. (चहात साखर जास्त झाली होती, हेही.)

माझं म्हणणं एवढंच आहे. व्यापाऱ्याचं सीसी खातं (कॅश क्रेडिट, मर्यादेत काढत-भरत राहायचं कर्ज) दरवर्षी नवं होतं, तेव्हा त्याला कुणी मुद्दल शून्य करून आण म्हणत नाही. व्याज भर, स्टॉक दाखव, चालू ठेव. १९९८ साली किसान क्रेडिट कार्ड आलं ते याच धर्तीवर, लागेल तसं काढा, जमेल तसं भरा. पण व्याजसवलत पूर्ण परतफेडीला बांधली आणि कार्डाचं पुन्हा जुनं पीककर्ज झालं. कर्जमाफ्यांनी लोकांची सवय बिघडवली, मान्य. पण अण्णांनी एकही हप्ता चुकवलेला नाही.

सवलत द्यायचीच तर व्याज भरणाऱ्यालाही द्या, मुद्दल खात्यात फिरू द्या. बियाणाला पैसे लागतात जूनमध्ये. आमची उचल मिळाली, त्यातून आधी सावकाराचे दिले. अण्णा आज तालुक्याला गेलेत, सोयाबीनच्या बॅगा उधारीवर मिळतात का बघायला.