बॉण्डवरच घ्या, काय होत नाही वो!

जागा घ्यायची म्हणताय? घ्या की. फक्त खरेदीखताच्या नादाला लागू नका. बेळगावच्या आसपास गुंठा-दोन गुंठे बॉण्डवर, म्हणजे नोंदणी न केलेल्या करारावर, घ्यायची आपली जुनी रीत आहे, ती मोडायचं काही कारण नाही. जागा एन.ए. (बिगरशेती) नाही, ई-खाता (मालमत्तेचा ऑनलाइन उतारा) नाही, सबरजिस्ट्रार दस्त हातात घेणार नाही. पण विकणारा तयार, घेणारा तयार आणि एजंट तर दोघांच्याही आधी तयार. त्यात 31 ऑगस्ट 2025 पासून नोंदणी फी 1 टक्क्याची 2 टक्के झालीय. सरकारची धन कशाला करायची?

आणि मुद्रांकाच्या बाबतीत आपल्या जिल्ह्याचं नाव देशभर आहेच. बनावट स्टॅम्पवाला तेलगी आपल्या खानापूरचा. त्यानं खोटे स्टॅम्प विकले म्हणून 30 वर्षांची सजा झाली. आपण खरे स्टॅम्पही घेत नाही, म्हणजे आपण निर्दोष.

बॉण्ड रायटर भराभर टाइप करणारा बघा. वाचून दाखवणारा नको, चहा थंड होतो.

मजकूर कानडीत आणि सही मराठीत असली की उत्तम. काय लिहिलंय ते कोर्टात कळेलच.

आता मुख्य गोष्ट. संचकारपत्रात, म्हणजे विसार देऊन केलेल्या विक्रीच्या करारात, एक वाक्य आठवणीनं घालून घ्या, 'जागेचा कब्जा आजच दिला आहे.' वाचायला किती बरं वाटतं! माझ्या मामांनाही वाटलं होतं. त्या एका ओळीमुळे कर्नाटक मुद्रांक कायद्याप्रमाणे संचकारपत्राला खरेदीखताएवढी ड्युटी लागते, हे त्यांना कुणीच सांगितलं नाही. ना बॉण्ड रायटरनं, ना एजंटानं. विकणारा तर पाहुण्यातला, तो म्हणाला, "आपल्या आपल्यात कसला स्टॅम्प?" पुढं बायपासच्या बातम्या आल्या, भाव चढले आणि त्याच पाहुण्याच्या पोरांनी मामांना ओळखच दाखवली नाही. मामांनी करार पुरा करून मागायचा दावा लावला. गेल्या महिन्यात साक्ष होती. साडीच्या दुकानाच्या पिशवीतून मामांनी तो बॉण्ड काढला, घडीवर चिरलेला, मागून सेलोटेप लावलेला. वकिलांनी तो निशाणी करायला, म्हणजे पुरावा म्हणून नोंदवायला, पुढं केला आणि समोरचा वकील उठला. "कब्जाचा करार आहे साहेब, स्टॅम्प अपुरा." संपलं. कलम 33 खाली कागद जप्त. ड्युटीतली तूट 40 हजार, कलम 34 प्रमाणे दंड दहा पट म्हणजे 4 लाख, एकूण 4 लाख 40 हजार. हे भरेपर्यंत तो कागद पुराव्यात नाही, कुठल्याही कारणासाठी नाही. आणि हरकत कोण घेतंय? ज्याच्या बापानं त्याच कागदावर अंगठा करून पैसे मोजून घेतले तो! ड्युटी बुडाली म्हणून त्याला सरकारची केवढी काळजी! पैसे खाल्ले तेव्हा कुठं होती ही काळजी? मामा पिंजऱ्यात उभे, हातात रिकामी पिशवी, आणि तो बाकावर बसून हसतोय.

न्यायाधीशांकडं दयेची याचना करून बघा, हा पुढचा सल्ला. करून काही उपयोग नाही. गंगप्पा विरुद्ध फक्कीरप्पा या खटल्यात सर्वोच्च न्यायालयानं 2018 मध्येच सांगून टाकलंय की कलम 34 खाली दंड कमी करायचा अधिकार कोर्टाला नाही. तो अधिकार नोंदणी-मुद्रांक खात्याच्या जिल्हा निबंधकाला आहे. म्हणजे कागद पुराव्यात द्यायच्या आधीच 'हा निबंधकांकडं पाठवा' असा अर्ज दिला असता, तर कलम 39 खाली दंड बराच खाली येऊ शकला असता. 2024 मध्ये सीताराम शेट्टी खटल्यातही हेच झालं, दहा पट दंडाचा हुकूम रद्द होऊन प्रकरण निबंधकाकडं गेलं. हे वकिलाला आधी विचारू नका. दंड बसल्यावर विचारा.

कायद्याचा सल्ला कोल्हापूरच्या पाहुण्यांकडून घ्या. बाईच्या नावावर घेतलं की 1 टक्का सूट, जुन्या दस्ताला 2023-24 मध्ये दंडमाफीची अभय योजना होती. सगळं खरं आहे, महाराष्ट्रात. सीमाप्रश्नाचा दावा 2004 पासून सर्वोच्च न्यायालयात पडून आहे म्हणून आपल्या बॉण्डला 1957 चा कर्नाटकचा मुद्रांक कायदा लागायचा थांबत नाही.

खरेदीखत करणारच असाल तर किंमत निम्मी दाखवा. कमी किंमत दाखवल्याची, कलम 45-अ ची नोटीस घरपोच येते.

कचेरीत चौकशीला गेलात तर सर्व्हर डाऊन असेल आणि खिडकीतून 'नाळे बन्नी' ऐकू येईल. जा उद्या परत.

बास झाला उपरोध. अहो, वर्षानुवर्षं हे चाललंय आणि सगळ्यांना माहीत आहे! सरकारला माहीत आहे की शहराभोवती हजारो घरं बॉण्डवर उभी आहेत. घरपट्टी घेताना चालतात ती. नोंदणी करायची म्हटलं की चालत नाहीत, आणि कोर्टात कागद आला की दहा पट वसूल करायला चालतो. आणि तुम्ही, जागेला 12 लाख मोजता, वास्तुशांतीला जेवणावळी घालता, आणि वकिलाला कागद दाखवायचे दोन हजार जड होतात? घरातल्या कपाटात असले किती बॉण्ड आहेत ते बघा आधी. कब्जाची ओळ असेल तर दावा लागायच्या आत ते जिल्हा निबंधकाकडं न्या, समोरचा वकील उठायची वाट बघू नका.

आणि बॉण्ड रायटर साहेब, तुम्हीसुद्धा. ती ओळ टाइप करायच्या आधी समोरच्या म्हाताऱ्याला त्याच्या भाषेत सांगायला तुमचं काय जातं? फी तर पूर्ण घेता.