आधी आजारी व्हा, मग गांजा घ्या: टॅक्स वाचवायचे सोपे उपाय

सगळ्यात आधी एक ठरवून टाका, तुम्ही आजारी आहात की मजेत आहात. दोन्ही असाल तर कुणाला सांगू नका, कॅलिफोर्नियाच्या टॅक्सवाल्यांकडे असल्या माणसासाठी रकाना नाही. त्यांच्याकडे दोनच जाती, एक औषध म्हणून गांजा घेणारे आणि दुसरे शनिवारची संध्याकाळ बरी जावी म्हणून घेणारे. दुकान तेच, काउंटर तोच, बरणीतला माल एकाच झाडाचा, फरक पडतो तो पावती बाहेर आल्यावर.

आता तुम्ही म्हणाल की आम्हा सज्जन लोकांना हे कशाला सांगताय. बरोबर आहे, पण हल्ली अमेरिकेतल्या पोरांकडे सहा महिने राहून परत आलेले काका-काकू आवाज खाली करून सांगतात की गुडघ्याला तिकडचं ते मलम काय छान लागू पडलं, आणि झोपेची ती गोळी, गोळी कसली हो, जेलीसारखी असते, लिंबाच्या चवीची. हां, तीच. तर काकांना मालाबद्दल काहीही शंका नसते, शंका असते ती बिलाबद्दल, कारण मराठी माणूस नशेत असला तरी बिलाची बेरीज स्वतः करून बघतो. म्हणून हे मार्गदर्शन.

लॉस एंजेलिसचं उदाहरण घेऊ. पाटीवर लिहिलंय १०० डॉलर. तुम्ही मजेत आहात असं गृहीत धरू. आधी शहराचा धंदा-कर १० टक्के, तो खरं तर दुकानदाराच्या गल्ल्यावर लावलेला असतो पण दुकानदार काही धर्मादाय संस्था चालवत नाही, तो पावतीत उतरवतो, झाले ११०. आता राज्याचा एक्साइज १५ टक्के, तो १०० वर लागत नाही, ११० वर लागतो, झाले १२६ डॉलर ५० सेंट. मग येतो सेल्स टॅक्स, पावणेदहा टक्के, आणि तो लागतो या सगळ्या ढिगाऱ्यावर, म्हणजे मालावर टॅक्स, त्या टॅक्सवर टॅक्स, आणि त्या दोन्हींवर पुन्हा टॅक्स. एकूण १३८ डॉलर ८३ सेंट. हे वाचून चक्कर आली असेल तर घाबरू नका, मालाचा यात काही दोष नाही, पाकीट अजून फोडलेलंच नाहीये.

आणि पैसे बहुतेक कॅशच न्या. अमेरिकन बँका या धंद्यापासून लांब राहतात, राज्यात गांजा चालत असला तरी केंद्राचा बंदीचा कायदा आडवा येतो ना. म्हणून दुकानातच एटीएम उभं असतं आणि ते वरून आपली फी वेगळी कापतं. ती फी मी टॅक्समध्ये धरत नाही, तुम्ही धरा हवं तर.

आता आजारी पडून बघू. शहर औषधी गांजावर १० ऐवजी ५ टक्के घेतं, झाले १०५. एक्साइज मात्र पूर्ण १५, आजारी माणसालाही सूट नाही, झाले १२० डॉलर ७५ सेंट. पण सेल्स टॅक्स माफ! म्हणजे आजाराचा निव्वळ फायदा १८ डॉलर ८ सेंट. बघा, आपण उगाच तब्येतीला जपत बसतो.

पण नुसतं आजारी असून भागत नाही हो. डॉक्टरचं पत्र नेलंत तरी सेल्स टॅक्स माफ होत नाही, (डॉक्टर गांजाचं प्रिस्क्रिप्शन लिहूच शकत नाही, फक्त शिफारस करू शकतो, कारण पुन्हा तो केंद्राचा कायदा) त्यासाठी काउंटीच्या, म्हणजे तिकडच्या जिल्ह्याच्या, आरोग्य खात्याकडून फोटोवालं ओळखपत्र काढावं लागतं. फी जास्तीत जास्त १०० डॉलर, मुदत एक वर्ष. दुखण्यांच्या यादीत कॅन्सर आहे, मायग्रेन आहे, संधिवात आहे, जुनाट दुखणं आहे, म्हणजे पन्नाशी उलटलेला कुठलाही माणूस डोळे मिटून बसतो त्यात. आता हिशोब करा. कार्डाचे १०० गेले, प्रत्येक शंभराच्या खरेदीला १८ वाचतात, म्हणजे सहाव्या खरेदीला तुम्ही कुठे फायद्यात आलात. थोडक्यात वर्षाला ६०० डॉलरचा गांजा संपवायची तयारी नसेल तर आजार परवडत नाही. दुखणं कमी होत असेल तर डॉक्टरला सांगून वाढवून घ्या.

आणि आपले काका? काकांना कार्डच मिळणार नाही. ते व्हिजिटर व्हिसावर आलेत, राज्याचे रहिवासी नाहीत, त्यामुळे त्यांचा संधिवात चैनीत मोडतो. गुडघा सांगलीचा, टॅक्स पूर्ण.

तुम्हाला वाटेल हे सगळं विचार करून बसवलेलं असेल. आहेच ना. २०१८ च्या जानेवारीत कॅलिफोर्नियात उघड विक्री सुरू झाली तेव्हा शेतकऱ्याकडूनही टॅक्स घ्यायचे, एक औंस फुलांना सव्वानऊ डॉलर, भाव चढो की पडो. मग भाव पडले, शेतकरी बोंबलले, २०२२ मध्ये तो टॅक्स काढला, पण काढताना चिठ्ठी लिहून ठेवली की हे नुकसान पुढे एक्साइज वाढवून भरून काढू. २०२५ च्या जुलैत तो १५ चा १९ झाला. गिऱ्हाईक कोपऱ्यावरच्या बिनपावतीच्या माणसाकडे जायला लागलं, (तसं ते आधीपासून जातच होतं, तिथे १०० म्हणजे १००) दुकानदार बोंबलले, आणि ऑक्टोबरात पुन्हा १५. तीन महिन्यांत जाऊन आला. त्यामुळे माझा सल्ला असा की खरेदी करण्याआधी विधानसभेचं अधिवेशन चालू आहे का ते बघून घ्या.

राज्य बदलून काही फरक पडतो का? पडतो तर. ओरेगॉनात जा, तिथे मुळात सेल्स टॅक्सच नाही, गांजावर राज्याचे १७ टक्के आणि गावाचे फार तर ३, कार्डवाल्याला तेही माफ. वॉशिंग्टन राज्यात सरळ ३७ टक्के एक्साइज, वर सेल्स टॅक्स. तिथल्या नोंदणी केलेल्या पेशंटला २०२४ च्या जूनपर्यंत तो ३७ टक्केसुद्धा भरावा लागायचा, मग कुणाच्या तरी लक्षात आलं की हे पेशंट आहेत. कोलोरॅडोत शेतावरून दुकानात येताना १५ टक्के आणि दुकानातून तुमच्या खिशात येताना १५, आणि त्यातला शेतावरचा टॅक्स शाळांच्या इमारती बांधायला जातो. म्हणजे डेन्व्हरला राहत असाल आणि मुलाच्या शाळेचं छत गळत असेल तर पालक म्हणून तुमची जबाबदारी तुम्ही ओळखा. यावर नाक मुरडायचं आपल्याला काही कारण नाही, २०२० च्या लॉकडाऊनमध्ये वाइन शॉपपुढच्या रांगा बघून राज्याची तिजोरी कुणाच्या जिवावर चालते ते सगळ्या महाराष्ट्राला कळलं होतं, तेव्हा त्या रांगेतल्या लोकांना कुणी सत्कारालासुद्धा बोलावलं नाही.

सगळ्यात अभ्यासू राज्य मात्र इलिनॉय. तिथे नशा मोजून टॅक्स. टीएचसी, म्हणजे ज्याने डोकं फिरतं तो घटक, ३५ टक्क्यांपर्यंत असेल तर १० टक्के, त्याच्या वर गेला तर २५, आणि खायचे पदार्थ असतील तर २०. त्यावर सेल्स टॅक्स आणि गाव-काउंटीचे आणखी. औषध म्हणून घेतलंत तर १ टक्का. अहो एक! शिकागोतली मंडळी इतकी निरोगी कशी राहतात हे मला न सुटलेलं कोडं आहे. ज्यांना या स्लॅब विचित्र वाटत असतील त्यांनी आठवावं की डिसेंबर २०२४ मध्ये आपल्या जीएसटी कौन्सिलने सुट्ट्या खारवलेल्या पॉपकॉर्नला ५, पाकिटातल्याला १२ आणि कॅरामलवाल्याला १८ टक्के असं समजावून सांगितलं होतं, आणि ते सांगणारे सगळे पूर्ण शुद्धीत होते. न्यूयॉर्क तर त्याहून पुढे गेलं, तिथे मिलिग्रॅमवर टॅक्स होता, खायच्या मालात टीएचसीच्या एका मिलिग्रॅमला ३ सेंट. २०२४ मध्ये हे मोजणं त्यांनाच झेपेना म्हणून बंद केलं, त्याजागी घाऊक विक्रीवर सरळ ९ टक्के लावले, गिऱ्हाइकाकडून १३ टक्के आधीपासून घेतातच. मला विचाराल तर चूक झाली, किती चढली हे सरकारी पावतीवर छापून मिळणं ही केवढी सोय होती.

एवढं सगळं भरून तुम्ही हुशारी करायला जाल, की औषधच आहे तर केंद्राच्या रिटर्नमध्ये वैद्यकीय खर्च दाखवू. अजिबात नाही. आयआरएस, म्हणजे केंद्राचं टॅक्स खातं, त्यांच्या वैद्यकीय खर्चाच्या पुस्तिकेत गांजाचं नाव घेऊन लिहिलंय की हा खर्च धरायचा नाही, तुमच्या राज्यात कायदेशीर असला तरी नाही. राज्याच्या लेखी तुम्ही पेशंट, केंद्राच्या लेखी तुम्ही वेगळेच कुणीतरी. पण त्याच आयआरएसची दुसरी एक पुस्तिका तितक्याच प्रेमाने सांगते की बेकायदा ड्रग्ज विकून पैसे मिळाले असतील तर ते उत्पन्नात दाखवायला विसरू नका. भेदभाव म्हणून नाही बघा त्यांच्याकडे.

विकणाऱ्याची तर अजून मजा. १९८१ मध्ये मिनियापोलिसच्या एका ड्रग्ज विक्रेत्याने टॅक्स कोर्टात धंद्याचा खर्च मागितला, वजनकाटा, पुड्या बांधायचं सामान, फोन, गाडी, घरातूनच धंदा करतो म्हणून भाड्याचा एक तृतीयांश, आणि कोर्टाने बराचसा दिला! दिल्लीत, चुकलो, वॉशिंग्टनमध्ये भूकंप झाला आणि १९८२ मध्ये २८०ई नावाचं कलम आलं की असल्या धंद्याला मालाची किंमत सोडून कुठलीही वजावट नाही. भाडं नाही, पगार नाही, वीज नाही. पुढे राज्यांनी परवाने दिलेल्या दुकानांनाही तेच कलम लागलं, ओकलंडचं हार्बरसाइड हे मोठं दुकान २०१८ मध्ये टॅक्स कोर्टात त्यावरच हरलं. डिसेंबर २०२५ मध्ये ट्रम्प यांनी गांजाला हेरॉईनच्या पंगतीतून उठवून खालच्या वर्गात बसवायचं काम लवकर उरका असा आदेश काढला, तेव्हा दुकानदारांना आनंद झाला तो नशेचा नव्हता, भाड्याची वजावट मिळेल याचा होता.

मुळात अमेरिकेत केंद्राने गांजा बंद केला तोच टॅक्स लावून. १९३७ चा कायदा नावाने टॅक्सचाच होता, नोंदणी असेल तर औंसाला एक डॉलर, नसेल तर शंभर. गंमत अशी की टॅक्स भरायला गेलात तर माझ्याकडे माल आहे असं स्वतःच लिहून द्यायचं, आणि राज्याच्या कायद्याखाली तोच गुन्हा. टिमथी लिअरी हा माजी प्राध्यापक सुप्रीम कोर्टात गेला, १९६९ मध्ये कोर्ट म्हणालं की हे म्हणजे माणसाला स्वतःविरुद्ध साक्ष द्यायला लावणं आहे, कायदा उडाला. पुढच्याच वर्षी सरळ बंदीचा नवा आला. तरी कॅन्ससने धडा घेऊन असा ड्रग टॅक्स आणला की नाव न सांगता टॅक्स खात्यातून स्टॅम्प विकत घ्यायचे आणि पुडीला चिकटवायचे, माल बेकायदाच, पण स्टॅम्प नसेल तर वरून टॅक्स चुकवल्याचा गुन्हा. प्रामाणिक गुन्हेगारांची इतकी काळजी आपल्याकडे कुठलं खातं घेतं सांगा.

आपल्याकडे इंग्रजांनी हा विषय १८९३-९४ मध्येच उरकला होता. गांजा-भांगेवर कमिशन बसवलं, हजाराच्या वर साक्षी घेतल्या, नगर-साताऱ्याकडच्या गांजाच्या शेतीचीही दखल घेतली, आणि निष्कर्ष असा की बेताने घेतला तर फारसं बिघडत नाही, बंदी नको, परवाना द्या आणि टॅक्स घ्या. पुढे १९८५ चा एनडीपीएस, म्हणजे अमली पदार्थांचा कायदा आला, त्याने शेंडे-फुलं गुन्ह्यात टाकली आणि पानं सोडून दिली, म्हणून बनारसला सरकारी भांगेच्या दुकानाची पाटी अजून दिसते.

आता शेवटचा सल्ला, एच-१बी आणि ग्रीन कार्डवाल्या मंडळींसाठी, आणि हा खरंच ऐका. तुम्ही कॅलिफोर्नियात सगळे टॅक्स भरलेत, पावत्या फाइलला लावल्यात, दुकानाने आयडी स्कॅन करून पॉइंट्सही दिले. राज्य तुमचं आभारी आहे. पण इमिग्रेशन खातं केंद्राचं, आणि त्यांनी २०१९ मध्ये लेखी सांगितलंय की राज्यात कायदेशीर असला तरी गांजाशी संबंध म्हणजे नागरिकत्वाच्या वेळी तुमच्या चारित्र्यावर डाग पडू शकतो, शिक्षा झालेली नसली तरी, नुसत्या दुकानात नोकरी केली असली तरी. म्हणजे जी फाइल तुम्ही सीएला दाखवायला ठेवली ती दुसराच कुणीतरी वाचेल. तेव्हा तुम्हाला राज्याच्या विकासात वाटा उचलायचाच असेल तर दुकानात जाऊच नका, ते ३८ डॉलर ८३ सेंट सरळ टॅक्स खात्याला पाठवून द्या. गांजा न घेता नुसता गांजाचा टॅक्स भरलात का, असा प्रश्न अजून तरी कुठल्या फॉर्मवर विचारत नाहीत.