एक दोना, पाच काड्या

डिसेंबरातला शनिवार, रात्रीचे साडेदहा, इंदूरचा सराफा. दिवसभर सोनं-चांदी विकणाऱ्या पेढ्यांची शटरं खाली आलेली आणि त्यांच्याच ओट्यांवर कढया चढलेल्या. इथे आपण चालायचं नसतं, मागचा ढकलेल तिकडे जायचं असतं. अशा ढकलाढकलीत आम्ही पाच जण, म्हणजे मी, ही, मुलगा, सूनबाई आणि दहा वर्षांचा नातू, गराडूच्या एका दोन्याभोवती डोकी जोडून उभे होतो. दोना एक, काड्या पाच. 'आधी एकच घेऊ, मग बघू' हा ठराव हिचा. लग्नाला चाळीस वर्षं झाली, ते 'मग बघू' अजून कधी बघितलेलं नाही.

गराडू हा थंडीतच मिळणारा कंद. (पुण्याचे पाहुणे दर वेळी 'म्हणजे सुरण का?' विचारतात. पूर्वी मी समजावून सांगायचो, आता 'हो' म्हणतो.) त्याचे तुकडे आधी तळून ठेवतात, गिऱ्हाईक आलं की पुन्हा कढईत सोडतात, मग वरून लिंबू आणि जीरावन, म्हणजे आमचा इंदुरी मसाला. पण दोन्यातले सगळे तुकडे सारख्या नशिबाचे नसतात. बहुतेक आपले जाडजूड, बटाट्यासारखे गरीब. एखादाच कडेचा, पातळ, चहूबाजूंनी लाल झालेला, ज्याच्या अंगावर सगळ्यांच्या वाटचं जीरावन येऊन बसलेलं असतं. त्या रात्री तो दोन्याच्या ईशान्य कोपऱ्यात होता. देवाची दिशा. मी काडी मारली.

"अप्पलपोटे आहात अगदी!" ही म्हणाली.

हिची स्वतःची काडी माझ्या काडीच्या मागे जेमतेम बोटभर अंतरावर होती, हे मी डोळ्यांनी पाहिलं होतं. पण बाजू मांडायला तोंड मोकळं नव्हतं. तुकडा भलताच गरम होता आणि मी तो या गालातून त्या गालात फिरवत होतो.

"आजोबा, ॲपलपोटे मतलब?" नातवाने विचारलं.

इथून माझी रात्र बिघडली.

आमची मराठी होळकरांच्या मागोमाग माळव्यात आली आणि इथलं पाणी पिऊन इथलीच झाली. आम्ही 'येतोय' म्हणत नाही, 'येऊन राहिलोय' म्हणतो. चहाला चाय म्हणतो, भाजीला सब्जी म्हणतो आणि तरी घरी मराठीच बोलतो असं छातीठोक सांगतो. नातवाची पिढी आणखी पुढे गेली आहे. त्याला वाटलं, ज्याचं पोट सफरचंद खाऊन सुटलंय तो ॲपलपोटा. माझ्याकडे बघता शंका अगदीच अवाजवी नव्हती.

"अरे, आपलं पोट. फक्त आपल्याच पोटाचं बघणारा, तो अप्पलपोटा. म्हणजे स्वार्थी," मी सांगून मोकळा झालो.

"मग आजी स्वार्थीच का नाही म्हणाली?"

दहा वर्षांचा पोरगा, पण प्रश्न वकिलाचा. खरंच, का नाही म्हणाली? तिथल्या तिथे 'स्वार्थी आहात तुम्ही' म्हणाली असती तर मुलगा मोबाइलमध्ये शिरला असता, सूनबाई शिकंजीची गाडी शोधायला गेली असती आणि आम्ही दोघं घरी वेगवेगळ्या रिक्षांनी पोचलो असतो. 'स्वार्थी' हा शब्द वाटणीपत्राच्या आसपास वापरायचा. स्वार्थी माणसाला डोकं लागतं, आखणी लागते, दहा वर्षांनंतरचं दिसावं लागतं. गराडूच्या तुकड्यासाठी एवढं भांडवल कोण घालतं?

'आपमतलबी' त्याच्याही वेगळा. तो माणूस निघून गेल्यावर म्हणायचा असतो. वर्षभर ज्याचा फोन नाही, आणि मुलाची परीक्षा इंदूरला आली की 'काका, कसे आहात?' असा ज्याचा मधाळ आवाज येतो, तो आपमतलबी. त्याला मुलासकट चार दिवस ठेवून घ्यायचं, डबा बांधून द्यायचा, स्टेशनवर सोडून यायचं आणि परतताना हा शब्द उच्चारायचा.

अप्पलपोट्याला मात्र तोंडावर अप्पलपोटा म्हणता येतं, आणि म्हटल्यावर त्यालाच 'अजून एक घ्या' असा आग्रहही करता येतो. त्याचा गुन्हा पोटाएवढाच. ज्याच्याबरोबर उद्या सकाळी पुन्हा जेवायला बसायचं आहे, त्याच्यासाठीच राखून ठेवलेला हा शब्द आहे. नातवाला मी यातलं निम्मं सांगितलं. निम्म्यात दुसरा दोना आला. तो मुलाने आणला, ठराव मोडून.

शिकंजीच्या गाडीपाशी आमच्या कॉलनीतले बँकवाले भैया भेटले. (आमची शिकंजी लिंबाची नसते, घट्ट दुधाची असते. बाहेरच्याने लिंबूपाणी समजून मागवायची आणि ग्लासात चमचा उभा राहिलेला पाहायचा, ही इथली जुनी करमणूक.) नातू 'अप्पलपोटा, अप्पलपोटा' असा घोकत होता, ते त्यांच्या कानावर पडलं.

"क्यों भिया, ये पोटा फिर से लग गया क्या? वो तो कब का हट गया!"

त्यांच्या डोक्यात दहशतवादविरोधी 'पोटा' कायदा होता. तो २००२ साली आला आणि २००४ साली रद्द झाला. मी त्यांना सांगितलं, की आमचा पोटा त्याच्या कितीतरी आधीपासून घरोघरी लागू आहे, त्यात जामीन नाही आणि पत्नीची साक्ष पुरते. ते म्हणाले, "अच्छा, मतलबी!" आणि आपल्या शिकंजीच्या पैशांसाठी माझ्याकडे बोट दाखवून पुढे निघून गेले. शब्द त्यांना बरोबर कळला होता.

रात्री झोप येईना. गराडू पचायला जड. पडल्या पडल्या डोक्यात चक्र सुरू झालं, की 'मतलब' म्हणजे अर्थ आणि 'मतलब' म्हणजेच हेतू. आपला संस्कृत 'अर्थ'सुद्धा तसाच दुतोंडी. शब्दाचा अर्थ वेगळा आणि स्वार्थातला अर्थ वेगळा. म्हणजे नातू मला मतलब विचारत होता आणि मी त्याला मतलबी समजावत होतो.

वडिलांनी लहानपणी अमरकोश पाठ करून घेतला होता. अर्थ न कळता, छडीच्या धाकाने. त्यातलं एक चरण एकदम वर आलं. 'आत्मंभरि' आणि 'कुक्षिंभरि' असे दोन शब्द, आणि अर्थ दिलाय 'स्वोदरपूरक'. स्व-उदर! म्हणजे आपलं पोटच की! कोशकार अमरसिंहाने दोन-दोन शब्द नोंदवून ठेवलेत म्हणजे त्याच्याही पंगतीत असली मंडळी असणार. पाणिनीने तर 'आत्मंभरि' सूत्रातच घालून ठेवलाय. व्याकरणाच्या एवढ्या आटोपशीर ग्रंथात, जिथे अर्धी मात्रा वाचली तरी पुत्रजन्माचा आनंद व्हायचा म्हणतात, तिथे हा पोटभरू जागा अडवून बसला आहे. बसणारच, अप्पलपोटा तो.

त्याहून जुना दाखला ऋग्वेदाचा. दहाव्या मंडलातलं ११७वं सूक्त म्हणतं, 'केवलाघो भवति केवलादी'. एकटा खाणारा निव्वळ पापाचाच धनी होतो. हिला उठवून सांगणार होतो, पण लक्षात आलं की हे सूक्त फिर्यादीच्या बाजूचं आहे.

मग भर्तृहरी आठवला. त्याने माणसांचे चार ढीग केलेत. स्वतःचं सोडून दुसऱ्याचं भलं करणारे सत्पुरुष. स्वतःला तोशीस न लागू देता दुसऱ्याचं करणारे सामान्य. स्वतःच्या फायद्यासाठी दुसऱ्याचं नुकसान करणारे मानवराक्षस. आणि चौथे, काहीही मिळायचं नसताना दुसऱ्याच्या हिताची वाट लावणारे. त्यांना काय म्हणावं हे 'न जानीमहे', आम्हांला ठाऊक नाही, म्हणून त्याने हात टेकले. एवढा मोठा कवी, त्याला शब्द सापडला नाही. आमच्या गल्लीत असे एक गृहस्थ आहेत. आपली स्कूटर ते रोज आमच्या फाटकासमोर आडवी लावतात. उभी लावली तरी तिला तेवढीच सावली मिळते.

अप्पलपोटा मला प्रथम कळला तो मात्र कुठल्या कोशात नाही, रामबागेतल्या वाड्यात. दिवाळी होती. आजीने ताटलीत सात बेसनाचे लाडू काढून ठेवले होते, घरातल्या सात पोरांना एकेक. माझ्या चुलतभावाने कोणी नाही असं पाहून सातही लाडवांना एकेकदा जीभ लावली. उष्टे लाडू कोण खाणार? हिशोब बिनचूक होता. आजी 'अप्पलपोट्या!' म्हणून ओरडली, कान धरून त्याला पाटावर बसवलं आणि म्हणाली, "उष्टे केलेस ना? आता तूच संपव." तीन लाडू त्याने आमच्याकडे बघत, मिटक्या मारत खाल्ले. चौथ्याला पाणी मागितलं. पाचव्याला रडायला लागला. आज तो साठी उलटून गेलाय. दिवाळीला आला की बेसनाच्या लाडवाचं ताट उचलून दुसऱ्या खोलीत ठेवावं लागतं.

आणि याच्या उलट बाजूचा शब्द? त्याची तर आम्ही दशाच केली आहे. 'निःस्वार्थ' हे मुळात विशेषण, पण आमच्या मंडळाच्या मानपत्रावर दर वर्षी 'निःस्वार्थी कार्यकर्ते' असंच छापून येतं. निर्दोषला निर्दोषी करतात तसंच. मी एकदा चूक दाखवली, तर अध्यक्ष म्हणाले, "राहू द्या हो, एक वेलांटी जास्तच दिलीय ना?" ज्यांना ते मानपत्र मिळालं, ते महाप्रसादाच्या दिवशी 'उदरभरण नोहे' सगळ्यांत मोठ्याने म्हणतात आणि पंगत उठायच्या आत उरलेल्या श्रीखंडाचा डबा त्यांच्या पिशवीत असतो. नि:स्वार्थपणे, कारण त्यांना स्वतःला मधुमेह आहे.

पहाटे केव्हातरी डोळा लागता लागता एक गोष्ट ध्यानात आली. या शब्दाला प्रथमपुरुष नाही. 'मी जरा स्वार्थी झालोय' असं हल्ली लोक कौतुकाने सांगतात. 'मी चिडका आहे', 'मी आळशी आहे' हेही चालतं. पण 'मी अप्पलपोटा आहे' असं म्हणणारा माणूस मी उभ्या आयुष्यात पाहिलेला नाही. शब्द कायम समोरच्याच्या पोटाकडे बोट दाखवून उभा.

रविवारी सकाळी पोहे-जलेबी आणायचं काम माझ्याकडे असतं. दुकानात पातेल्यातल्या वाफेवर परात, परातीत पिवळेधमक पोहे, बडीशेपेचा वास. सेव, कांदा, जीरावन यांच्या पुड्या वेगळ्या बांधून घेतल्या, पाव किलो जलेबी घेतली. त्यातली एक, गरम आहे की नाही ते बघायला, उभ्यानेच तपासली. दुसरी तपासली ती पहिलीची खात्री करायला.

घरी सगळ्यांच्या बशा भरल्या, रिकाम्या झाल्या, आणि ताटात एक जलेबी उरली. आता आपल्याकडच्या रीतीने तिचं जे व्हायचं तेच झालं. "तू घे." "नको, तुम्ही घ्या." "सूनबाई, घे गं." "आई, तुम्हीच घ्या, मला खूप झालं." सगळे भर्तृहरीच्या पहिल्या ढिगात. कालच्या प्रकारानंतर मी तर तिच्याकडे बघायचंसुद्धा नाही असं ठरवून वर्तमानपत्र तोंडासमोर धरलं होतं. पान मात्र उलटत नव्हतं.

नातवाने हात घातला, जलेबी उचलली आणि अख्खी तोंडात कोंबली. पाक हनुवटीवरून ओघळायला लागला.

"आजी," तो भरल्या तोंडाने म्हणाला, "मी अप्पलपोटा आहे."

मी वर्तमानपत्र खाली केलं. ही हसत हसत त्याची हनुवटी पदराने पुसत होती.

"बघा," मला म्हणाली, "किती छान मराठी बोलून राहिलाय!"