नाटकं करायचीत? मग रंगमंचापासून लांब राहा

अभिनयाची हौस आहे म्हणताय? छान. फक्त नाटकात काम करायच्या भानगडीत पडू नका. फार कटकट असते तिथं. महिना महिना तालमी, एका साध्या एन्ट्रीसाठी दिग्दर्शक पुन्हा पुन्हा विंगेत परत पाठवणार, आपल्याला दोन हात आहेत आणि त्यांचं काय करायचं हे आपल्याला माहीत नाही याचा शोधही तिथंच लागतो, आणि एवढं सगळं करून तालमीत जीव तोडून रडलात तर तोच दिग्दर्शक म्हणणार, "ओव्हर होतंय रे, कमी कर." म्हणजे लोक तिकीट काढून नाटक बघायला येणार, आणि नेमका तिथंच नाटकीपणा चालत नाही! शिवाय तिसरी घंटा झाली की सुरू, पडदा पडला की खेळ खलास, मेकअप पुसा आणि घरी जा. एवढ्याशा वेळात कुणाची हौस भागते?

त्यापेक्षा घर, ऑफिस आणि जमलंच तर राजकारण. तालीम नाही, दिग्दर्शक नाही, आणि मुख्य म्हणजे प्रेक्षकांना उठून जायची सोय नाही.

सुरुवात सोप्या प्रवेशापासून करा. आजारपणाची रजा. नाट्यशास्त्रात अभिनयाचे चार प्रकार सांगितलेत, आंगिक (अंगाचा), वाचिक (वाणीचा), आहार्य (वेशभूषेचा) आणि सात्त्विक (आतून येणारा). पैकी फोनवर नुसता वाचिक लागतो, पण खरा कलावंत तिथं थांबत नाही. तो साहेबांना फोन लावायच्या आधी पलंगावर नीट आडवा होतो, पांघरूण गळ्यापर्यंत ओढतो, चेहरा पाडतो (फोनवर! कोण बघतंय?), आणि पलीकडून "हॅलो" आलं की आधी खोकतो मग बोलतो. नवशिके बोलून झाल्यावर खोकतात आणि पकडले जातात. आवाजात थोडी तक्रार, थोडा त्याग, "येतो म्हणत होतो सर, पण घरचे सोडत नाहीयेत". साहेब पलीकडून काळजीचा अभिनय करतात, "नाही नाही, तब्येत आधी". दोघांनाही सगळं माहीत असतं आणि दोघंही एक वाक्य चुकत नाहीत. असं टीमवर्क भल्याभल्या नाटक कंपन्यांना जमलेलं नाही.

ऑफिसात मग आंगिक. हातात कागद घेऊन भराभर चालायचं, बस्स. कागद कोरा असला तरी चालतो, चाल कोरी नको.

घरातल्या भांडणात मात्र कमी बोलायचं. "काय झालं?" विचारलं की "काही नाही", आणि त्यानंतर दार किंचित, अगदी किंचितच जोरात लावायचं. फार जोरात आदळलंत तर ते भांडण होतं, किंचित लावलंत तर समोरचा दिवसभर विचार करत बसतो.

आता जरा अवघड भाग, सात्त्विक अभिनय. शास्त्रात आठ सात्त्विक भाव दिलेत, स्तंभ, स्वेद (घाम), रोमांच, स्वरभंग, वेपथु (कापरं), वैवर्ण्य (चेहऱ्याचा रंग उडणं), अश्रू आणि प्रलय (शुद्ध हरपणं). यातला एखादा खराखुरा अंगावर यावा म्हणून नट आयुष्य घालवतात बिचारे. पुढारी झालात तर तुम्हाला एका प्रेस कॉन्फरन्समध्ये निदान तीन काढावे लागतील. थेट अश्रूंवर उडी मारू नका, यादीत ते सातवे आहेत. आधी स्तंभ, म्हणजे मधेच थांबायचं. मग स्वरभंग. मग पाण्याचा घोट. मग चष्मा काढून पुसायचा, नंबर नसेल तर बिनानंबरचा करून घ्या, पण चष्मा पाहिजेच, कारण तो काढताना जो पॉज मिळतो त्यात सगळे कॅमेरे जवळ येतात. राजीनामा नेहमी खिशात असू द्या. तो द्यायचा नसतो, खिसा दाखवायचा असतो. आणि पाठांतराची काळजी सोडा, डोळ्यांसमोर वाक्यं सरकवणारा टेलिप्रॉम्प्टर आहे. १९५० च्या सुमारास टीव्हीवरच्या नटांना वाक्यं आठवत नाहीत म्हणून तो काढला, आणि १९५२ मध्येच तो राजकारणाच्या व्यासपीठावर पोचलासुद्धा.

त्याच १९५२ सालचा एक प्रयोग तर अभ्यासक्रमात लावला पाहिजे. अमेरिकेत रिचर्ड निक्सन उपाध्यक्षपदाला उभे होते आणि समर्थकांनी त्यांच्यासाठी जमवलेल्या अठरा हजार डॉलरच्या फंडावरून बोंबाबोंब चालली होती. साहेब २३ सप्टेंबरला टीव्हीवर आले, बायको शेजारी बसवली, आपली मिळकत आणि कर्ज वाचून दाखवलं, आणि मग म्हणाले, हो, एक भेट मात्र आम्ही घेतली, एक कुत्रा, आमच्या सहा वर्षांच्या लेकीनं त्याचं नाव चेकर्स ठेवलंय, पोरींचा त्याच्यावर फार जीव आहे आणि कुणी काहीही म्हणो, आम्ही तो ठेवणार! आता कुत्र्याबद्दल कुणी विचारलं होतं का? पण पाठिंब्याच्या तारांचा पाऊस पडला, उमेदवारी टिकली आणि पुढं आठ वर्षं ते उपाध्यक्ष होते. तेव्हा हिशोब मागितला की कुत्रा काढा. कुत्रा नसेल तर म्हातारी आई चालते.

राहता राहिल्या टाळ्या. त्या नशिबावर सोडू नका. एकोणिसाव्या शतकात पॅरिसच्या थिएटरांत भाडोत्री टाळ्यावाले असायचे, काही नुसते हसायला, काही रुमाल काढून रडायला, काही "वन्समोर" ओरडायला. तुम्ही साहेब असाल तर हा खर्चही नाही, तुमच्या विनोदावर हसणं पगारात धरलेलं असतं.

पण या धंद्यातला खरा गुरू नीरो. रोमचा बादशहा आणि गायची खाज. रोमन चरित्रकार सुएटोनियस लिहून गेलाय की त्यानं पाच हजारांवर तरुण नुसते टाळ्या वाजवायला तयार केले होते, आणि टाळ्यांचे प्रकारही वेगवेगळे. शिवाय तो गात असताना थिएटरबाहेर पडायला बंदी, कितीही निकड असो. म्हणे बायका तिथंच बाळंत झाल्या, आणि वैतागलेले काही लोक मेल्याचं सोंग घेऊन पडायचे, म्हणजे निदान अंत्यविधीसाठी तरी कुणी उचलून बाहेर नेईल. थोडक्यात, स्टेजवर काय चाललं होतं देव जाणे, अस्सल अभिनय खाली चालू होता.

म्हणून प्रेक्षकात बसायची वेळ आली तर तेवढी तयारी ठेवा. त्याच दरबारातला व्हेस्पेशियन नावाचा एक सरदार नीरोच्या गाण्याला सरळ डुलक्या काढायचा, किंवा उठूनच जायचा. मर्जीतून उतरला, त्याला दरबार बंद झाला, एका आडगावात लपून बसायची पाळी आली. पुढं इ.स. ६८ मध्ये नीरोनं "केवढा कलावंत जातोय" म्हणत जीव दिला, आणि ६९ मध्ये बादशहा कोण झाला तर हा झोपाळू. तेव्हा डुलकी लागली तर लागू द्या, फक्त घोरू नका.