‘पाणी’ काढून ‘जल’ घालून बघा

गेले काही दिवस सोसायटीच्या, नातेवाइकांच्या आणि शाळेच्या अशा तिन्ही ग्रुपवर एकच मजकूर फिरतोय. त्याचं सार असं: मराठीत एकेका शब्दाला दहा-दहा प्रतिशब्द आहेत आणि ते कुठेही बदलून चालतात, त्यातही रोजचे शब्द बदलणं सर्वांत सोपं, इंग्रजी शब्द काढून मराठी बसवला की झालं, आणि एका परिच्छेदात एक शब्द दोनदा आला तर लिहिणारा कच्चा. दादरला बसून वर्षानुवर्षं प्रुफं तपासतोय, त्यामुळे गप्प राहवेना.

‘कुठेही चालतात’ हे आधी घेऊ. पाणी, जल, नीर, तोय, उदक ही यादी बरोबर आहे. पण पावसाळ्यात हिंदमाताला पाणीच तुंबतं, जल तुंबत नाही. महापालिकेत जल अभियंता असतो आणि आपण भरतो ती पाणीपट्टी. हक्कावर पाणी सोडता येतं, उदकही सोडता येतं, कारण दान देताना हातावरून पाणी सोडायची रीत त्यामागे आहे. ‘नीर सोडलं’ म्हणालात तर लोक धरणाची पातळी विचारतील.

आता रोजच्या शब्दांचं. इथे तर गाडी पूर्ण उलट्या रुळावर आहे. एकच ‘लागणे’ घ्या. भूक लागते, ठेच लागते, निकाल लागतो, पोराला नोकरी लागते, दूध पातेल्याच्या बुडाला लागतं, कुणाचं बोलणं मनाला लागतं. ‘हा तुझा कोण लागतो?’ असंही आपण विचारतो. फलाटावर कुणी ‘कर्जत लागलीय’ म्हणालं की लोक धावतात. खंडाळ्याच्या घाटात कुणी ‘गाडी लागतेय’ म्हणालं की शेजारचा पिशवी शोधतो. पाऊस पडायला लागतो आणि छत्री घ्यावी लागते, म्हणजे आधी सुरुवात, मग सक्ती, शब्द तोच. कोशातून ‘स्पर्श होणे’ उचलून आणा आणि ‘मला भुकेचा स्पर्श झाला’ असं घरी म्हणून बघा. ‘तोय’ला आयुष्यात एकच काम आहे, म्हणून त्याची बदली सहज होते. ‘लागणे’, ‘घालणे’, ‘काढणे’ यांच्यावर अख्ख्या घराचा कारभार आहे. त्यांच्या जागी माणूस आणायचा तर दहा जण आणावे लागतील, आणि तरी एखादं काम राहीलच.

इंग्रजी शब्दांबद्दल अर्धं मान्य. सावरकरांचे महापौर, दिनांक, क्रमांक रुजले, आज ते परके वाटतही नाहीत. पण ती नावं आहेत. एक चिठ्ठी काढून दुसरी डकवली. ‘दूरध्वनी’ही लेटरहेडवर टिकला. बोलताना मात्र ‘फोन लाव’, ‘फोन लागत नाही’. ‘दूरध्वनी लागत नाही’ असं तक्रार करणारा माणूस मला अजून भेटायचाय. (आणि ‘फलाट’ तरी कुठला? प्लॅटफॉर्मच तो, इथल्या तोंडात झिजून गुळगुळीत झालेला.)

राहिली पुनरुक्ती. शाळेतल्या निबंधात ठीक, पण गुन्ह्याच्या बातमीत ही सवय महाग पडते. पहिल्या ओळीत चोरी, दुसरीत जबरी चोरी, तिसरीत दरोडा, अशी कॉपी माझ्याकडे नेहमी येते. भारतीय न्याय संहितेत ही तीन वेगळी कलमं आहेत: ३०३, ३०९ आणि ३१०. दरोड्याला निदान पाच जण लागतात. बातमीतले चोर दोनच होते. तसंच आरोपीचा पुढच्या वाक्यात ‘गुन्हेगार’ होतो, निव्वळ शब्द पुन्हा नको म्हणून. कोर्टाचा निकाल लागायचाय आणि यांनी शिक्षा ठोठावलीसुद्धा.

हा मोह मलाही आवरलेला नाही. मागे आमच्या सोसायटीची नोटीस सेक्रेटरींनी मला तपासायला दिली होती: ‘टाकी साफ करायची असल्याने उद्या पाणी येणार नाही. सर्वांनी आज पाणी भरून ठेवावे.’ दोनदा ‘पाणी’ डोळ्यात खुपलं. दुसरं मी ‘जल’ केलं. कागद लिफ्टशेजारी लागला. संध्याकाळी तिसऱ्या मजल्यावरच्या आजींनी मला जिन्यात थांबवलं, ‘काय रे, उद्या पूजा आहे का खाली? कलश किती भरायचेत?’ मी वर गेलो, पेन आणलं आणि ‘जल’ खोडलं.