शेतकऱ्यांच्या बंडावर मूकपट काढताय?

जुलमी जमीनदाराविरुद्ध पेटून उठलेल्या शेतकऱ्यांवर मूकपट काढायचा तुमचा बेत उत्तम आहे. फक्त जमीनदार पारखून घ्या. ज्याची सद्दी संपलीय असाच बघा. कचेरीत गेल्यावर ज्याला अजून खुर्ची आणि चहा मिळतो, तो कटाक्षाने टाळा.

बाबूराव पेंटरांनी हे पथ्य पाळलं नाही. १९२५ साली कोल्हापुरात त्यांनी 'सावकारी पाश' काढला, व्ही. शांतारामांना शेतकरी केलं आणि खोटे कागद करून जमीन गिळणारा सावकार दाखवला. तसले सावकार तेव्हा गावोगाव हयात होते. प्रेक्षकांनी लांबूनच हात जोडले आणि देवादिकांच्या चित्रपटांना गर्दी केली.

त्यापेक्षा युक्रेनकडे बघा. अलेक्सांद्र दोव्झेंकोचा 'झेम्ल्या', म्हणजे 'धरती', १९३०. यातले खलनायक कुलाक, म्हणजे गावातले सधन शेतकरी. सोव्हिएत सरकारच त्यांच्यामागे हात धुऊन लागलेलं, त्यामुळे दिग्दर्शकाला घोर नाही. गावासाठी ट्रॅक्टर निघतो आणि गावाबाहेरच बंद पडतो. रेडिएटरमध्ये पाणी नाही. मग गडी भोवती जमतात आणि लघवी करून तो भरतात! ट्रॅक्टर चालू होतो, चित्रपटाचा नायक वासिल कुलाकाचा बांध नांगरून टाकतो. त्या रात्री तो चांदण्यात धुरळा उडवत एकटाच नाचत घरी निघतो आणि नाचता नाचताच गोळी लागून कोसळतो.

तुम्ही मात्र माणसं इतकी जिवंत दाखवू नका. वरच्यांना संशय येतो. लघवीचं दृश्य सेन्सॉरने कापलं, आणि 'इझ्वेस्तिया' या सरकारी वर्तमानपत्रात कवी देम्यान बेद्नीने अख्खा चित्रपट झोडपून काढला. (सरकारच्या बाजूने काढलेला चित्रपट, बरं का.)

मूकपटाची सोय लक्षात ठेवा. शेतकरी मूठ आवळतो, तोंड उघडतो. तो काय म्हणाला, ते पडद्यावरच्या पाटीवर लिहिणारा हात दुसऱ्याचा.

आणि पुढचा भाग काढायच्या फंदात पडू नका. बांध मोडले, जमीन सामुदायिक झाली आणि १९३२-३३ मध्ये सरकारने घराघरातून धान्य ओढून नेलं. युक्रेनमध्ये लाखो माणसं उपाशी मेली. ७ ऑगस्ट १९३२ च्या कायद्याने सामुदायिक शेतातली कणसं उचलणाऱ्यालाही गोळी. दयाच आली तर दहा वर्षं तुरुंग. या नव्या मालकाविरुद्धचं बंड दाखवायची फारच खुमखुमी असेल, तर कॅमेरा आधी मेव्हण्याच्या नावावर करून ठेवा.