श्रेय एकट्या कॅमेऱ्याचं नाही

तुमची हरकत थोडक्यात अशी: ‘द पॅशन ऑफ जोन ऑफ आर्क’ या मूकपटातला, जोनचं काम करणाऱ्या फाल्कोनेत्तीचा तो चेहरा म्हणजे दिग्दर्शक ड्रायर आणि छायाचित्रकार रुडॉल्फ माटे यांची करामत. मेकअप पुसून, केस भादरून कुठलीही बाई उभी केली असती तरी चाललं असतं. आणि एकाच चित्रपटात दिसलेल्या फाल्कोनेत्तीची ‘कारकीर्द’ ती काय?

मेकअपचा मुद्दा निम्मा खरा आहे. त्या काळी सर्रास वापरात असलेल्या ऑर्थोक्रोमॅटिक फिल्मवर लाल रंग जवळजवळ उमटतच नसे. ओठ काळे पडत, गालांची लाली डागासारखी दिसे, म्हणून नटांना रंगाचे थर फासावे लागत. 1927च्या या चित्रीकरणात ड्रायरनं पॅनक्रोमॅटिक फिल्म वापरली. ती लालही टिपते, त्यामुळे थरांची गरज उरली नाही. पण त्यांच्याबरोबर नटाची लपायची जागाही गेली. ओढूनताणून आणलेलं रडू एवढ्या जवळून लगेच उघडं पडतं.

केस कापण्याचा प्रसंग पुन्हा बघा. पाखंडाच्या खटल्यात जोननं ‘मी चुकले’ अशा कबुलीवर सही केलीय, जीव वाचलाय. केस खरोखरच कापले जाताहेत. तेवढ्यात तिनं कोठडीत विणलेला गवताचा मुकुट कापलेल्या केसांबरोबर झाडून नेला जातो. तिची नजर तिकडे जाते आणि सही मागे घ्यायचं, म्हणजे चितेवर जायचं, तिथंच ठरतं. पडद्यावर संवादाची पाटी येण्याआधीच आपल्याला ते कळलेलं असतं. ही कुठल्या फिल्मची किंवा भिंगाची किमया नव्हे.

याहून भक्कम पुरावा आहे. मूळ निगेटिव्ह डिसेंबर 1928मध्ये बर्लिनला आगीत जळाली. ड्रायरनं बाजूला ठेवलेल्या टेक्समधून, म्हणजे त्याच प्रसंगांच्या न वापरलेल्या चित्रणांतून, अख्खा चित्रपट पुन्हा जुळवला. 1950च्या दशकापासून कितीतरी प्रेक्षकांनी जी जोन पाहिली आणि डोक्यावर घेतली, ती या दुय्यम टेक्समधली! योगायोगानं साधलेला अभिनय दुसऱ्या टेकमध्ये असा टिकत नाही.

आता कारकीर्द. 1917मध्येच फाल्कोनेत्ती दोन चित्रपटांत होती, तेव्हा ‘एकच’ हे चूकच. पण तिचं खरं क्षेत्र रंगभूमी. 1924मध्ये ती कॉमेदी-फ्रान्सेज या फ्रान्सच्या सरकारी नाट्यसंस्थेत दाखल झाली. ड्रायरनं तिला हेरलं तेही पॅरिसमधल्या एका हलक्याफुलक्या नाटकात. पुढं स्वतः नाटकं उभी करण्यात तिनं पैसा घालवला. 1946मध्ये ब्वेनोस आयर्सला ती वारली. त्या नाटकांची प्रिंट निघत नाही, एवढ्यावरून ती झालीच नाहीत असं कसं म्हणायचं?

तुम्ही पाहिलेल्या प्रतीत चित्रांवरच अक्षरं आणि मागं बरोक संगीत असेल, तर ती त्या दुय्यम टेक्सचीच, लो ड्यूका यांनी 1952मध्ये फेरफार करून आणलेली आवृत्ती. 1981मध्ये ऑस्लोजवळच्या डिकेमार्क मनोरुग्णालयात मूळ आवृत्तीची प्रिंट सापडली. तिच्यावरून केलेली प्रत मिळवा, आवाज बंद करून बघा आणि मग सांगा.